उत्तर न दिलेलं पत्र



ओझरच्या मिग कारखान्यामुळे नाशिककरांना रशिया कधी परका वाटला नाही. ‘सोव्हिएत देश’च्या गुळगुळीत पानांची कव्हरं आपण वह्यांना घातली. बाईंनी अण्णा भाऊ साठ्यांचं ‘माझा रशियाचा प्रवास’ वाचायला दिलं. वाटेगावचा हा माणूस १९६१ साली मॉस्कोला जाऊन आला, याचंच मला अप्रूप! त्या भरात मी लेनिनग्राडच्या एका मुलीशी पत्रमैत्री जोडली. ती नेवा नदीबद्दल लिहायची, मी गोदावरीबद्दल. तिनं दुकानापुढच्या रांगा कधी लिहिल्या नाहीत, मी आमच्या घरातली ओढाताण.

१९९१ च्या शरदात तिचं वेगळंच पत्र आलं. शहराचं नाव बदललं, साखर कुपनावर मिळते, पुढं काय होईल ठाऊक नाही. काय लिहावं सुचेना, म्हणून मी उत्तरच दिलं नाही. डिसेंबरात तो देशच संपला.

प्रवासाला आलेल्या पाहुण्याला ओसरी दिसते. माजघर दिसतं ते पत्रातूनच. तिनं माजघर उघडलं आणि मी पाठ फिरवली, ही खंत आजही आहे.

आपल्या ग्रुपवरही आपण ओसरीच दाखवतो. उद्या कुणी माजघरातलं लिहिलं, तर दोन ओळी का होईना, उत्तर द्या.