मागच्या खोलीची कडी



थायलंडचे दिवंगत राजे भूमिबल यांच्या ज्येष्ठ कन्येचे नाव रोमन लिपीत 'उबोलरतना' असे लिहितात. पण ते जरा सावकाश कानांवर पडू दिले, तर त्यात दडलेले 'उत्पलरत्न' हे संस्कृत नाव आपणांस सहज ओळखू येईल. १९७२ साली एका अमेरिकन गृहस्थाशी विवाह करताना या राजकन्येने आपल्या राजपदव्यांवर पाणी सोडले. पुढे १९८३ साली तिला पुत्र झाला. त्याचे नाव भूमी, थाई उच्चारात पूम, आणि हा मुलगा स्वमग्न, म्हणजे ऑटिझम असलेला, होता. ज्या घराण्यात महालांना आणि सेवकांना तोटा नाही, तेथे असे मूल दृष्टीआड ठेवण्याची तजवीज एका शब्दासरशी झाली असती. परंतु या मातेने मुलाची अवस्था जगापासून लपविली नाही. २६ डिसेंबर २००४ रोजी खाओ लाकच्या किनाऱ्यावर त्सुनामीच्या लाटेने त्याला नेले, तेव्हा तो एकवीस वर्षांचा होता. त्याच्या नावाने तिने काढलेले प्रतिष्ठान आज तिकडच्या स्वमग्न मुलांसाठी झटते.

तिने लपविले नाही, हे पुन्हा सांगतो, कारण आज मला एवढेच सांगावयाचे आहे.

धरणगावच्या आमच्या जुन्या वाड्यात माजघरामागे एक खोली होती व तिला बाहेरून कडी होती. तीत मनाचे दुखणे असलेली माझी आत्या राहत असे. पाहुणे आले, की 'ती गावी गेली आहे' असे सांगण्याची आम्हां मुलांना सक्त ताकीद असे, आणि मी ते इतक्या सहजपणे सांगत असे, की आज त्याची आठवण झाली तरी जीव कासावीस होतो. आत्याला जेवण मिळत होते, लुगडे मिळत होते. वैद्य मात्र तिने कधी पाहिला नाही. 'लोक काय म्हनतीन' या तीन शब्दांनी तिचे अर्धे आयुष्य खाऊन टाकले.

आता कपाशीकडे पाहा. गुलाबी बोंडअळी बोंडाच्या आत शिरते, बाहेरून बोंड हिरवेगार दिसते. पण शेतात एक डोमकळी, म्हणजे अळीमुळे न उमललेले फूल, दिसली, की आपला शेतकरी त्याच दिवशी चार बोंडे फोडून पाहतो, शेजाऱ्याला हाक मारतो, कृषी खात्याच्या माणसाला गाठतो, कामगंध सापळे लावतो. तुझ्या कपाशीला अळी लागली ती तुझ्या पूर्वजन्मीच्या पापाने, असे त्याला कोणी म्हणत नाही. तुझ्या मुलीला आता स्थळ मिळणार नाही, असेही कोणी म्हणत नाही. मग मनाच्या दुखण्याच्या वेळीच आपली वाचा का बसते? पिकाच्या अळीसाठी बांधावरून हाक मारणारे आपण, घरातल्या माणसासाठी उंबरठ्याच्या आत गप्प!

स्वमग्नतेच्या बाबतीत मात्र हा दाखला तसाच लागू पडत नाही, कारण ती फवारून घालवावयाची कीड नव्हे. तेथे आपली दादर ज्वारी आठवावी. जमिनीत मुरलेल्या ओलीवर आणि हिवाळ्याच्या दवावर दादर उभी राहते. तिला केळीचे पाणी पाजून 'ही केळीसारखी का वाढत नाही' म्हणून चिडणारा शेतकरी खानदेशात सापडावयाचा नाही. आपल्या शाळांतून मात्र तो हरघडी सापडतो.

राजकन्येची गोष्ट दूरची वाटत असेल, तर धुळ्याकडे पाहा. तेथल्याच मातीतले डॉ. जगन्नाथ वाणी कॅनडात कॅलगरी विद्यापीठात प्राध्यापक झाले. त्यांच्या पत्नीस स्किझोफ्रेनिया होता. हे दुःख पोटात ठेवून ते परदेशी सुखाने राहू शकले असते. परंतु त्यांनी पुण्यात स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशन उभी केली, आणि धुळ्याचा के. एस. वाणी स्मृती न्यास व ही संस्था यांच्याच पुढाकाराने 'देवराई' हा चित्रपट निघाला, ज्यात अतुल कुलकर्णी यांनी त्या आजाराने ग्रासलेला तरुण उभा केला आहे. घरातले दुखणे पडद्यावर आणून लोकांना दाखविणारा हा आपल्या खानदेशचा माणूस. आणि आपण शेजारणीलाही सांगत नाही!

कायदा आपल्या बाजूस आहे. २०१६ च्या कायद्याने मान्य केलेल्या २१ दिव्यांगत्वांत स्वमग्नता आहे, मानसिक आजारही आहे. दिव्यांगत्वाचा दाखला सरकारी रुग्णालयातून मिळतो. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याने रुग्णास साखळीने बांधण्यास मनाई केली आहे. २००१ साली तामिळनाडूत एरवाडी येथे आग लागली, तेव्हा साखळदंडांनी बांधलेले २८ मनोरुग्ण जळून मेले. आमच्या वाड्यातील ती कडीही साखळीच होती, हे मला फार उशिरा कळले.

दाखल्याची कागदपत्रे कोणती, हे सांगावयाचे होते. पण समोर वेळ संपल्याची खूण झाली आहे. निदान हा क्रमांक तरी भिंतीवर, खडूने का होईना, लिहून ठेवा. 'टेलि-मानस' ही शासनाची विनामूल्य सेवा आहे. रात्री-अपरात्री केव्हाही, मराठीतूनही बोलता येते. १४४१६. पुन्हा सांगतो: एक, चार, चार, एक, सहा.