परीस, चुंबक आणि कसोटी
(दिंडीच्या शताब्दी सोहळ्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)

विणेकरी महाराज, चोपदार, टाळकरी भाऊ, तुळस डोईवर घेऊन चालणाऱ्या माउल्या आणि गावकरी मंडळी,

कीर्तनात आपण ज्याचं नाव कायम ऐकतो, पण जो कोणी पाहिला नाही, अशा एका दगडाबद्दल आज बोलायचं आहे. तो म्हणजे परीस. लोखंडाला लागला की लोखंडाचं सोनं होतं, असं म्हणतात. संतांनी सत्संगाचा महिमा सांगायला परिसाचा दाखला दिला. तो दाखला गोड आहे. पण दाखला वेगळा आणि बाजारात विकायला आलेला दगड वेगळा.

महिपतीबुवांच्या 'भक्तविजया'त परिसा भागवतांची कथा आहे. रखुमाई प्रसन्न झाली आणि तिनं त्यांना परीस दिला. त्यांच्या बायकोनं तो मैत्रिणीला, म्हणजे नामदेवरायांच्या राजाईला दिला. राजाईच्या घरी दारिद्र्य. तिनं लोखंडाचं सोनं केलं, बाजार आणला, गोडधोड रांधलं. नामदेवराय घरी आले, सगळं ऐकलं आणि परीस घेऊन थेट चंद्रभागेत टाकला. परिसा भागवत चिडून वाळवंटात आले. नामदेवरायांनी बुडी मारून ओंजळभर खडे काढले आणि म्हणाले, तुमचा असेल तो ओळखून घ्या. पाहावं तर सगळेच परीस! मंडळी, ज्यांच्या हाती परीस आला त्यांनी तो नदीत टाकला, आणि आपण तो विकत घ्यायला निघालो, तर हे कोणत्या पंथाचं म्हणायचं?

आता आपल्या मातीकडे या. शेगावच्या श्रींची पालखी परतीच्या वाटेवर लोणारला येते. तिथलं सरोवर आकाशातून आलेल्या अशनीच्या धडकेनं झालं. काळ्या पाषाणात सुमारे 1.8 किलोमीटर रुंदीचं विवर पडलं. धडकेच्या दाबानं तिथल्या दगडातल्या काही खनिजाची काच झाली. तसली काच चंद्रावरच्या दगडांतही सापडते. लोणार गावातल्या आडव्या मारुतीची मूर्ती चुंबकी दगडाची आहे, असं तिथले लोक सांगतात. आपल्या काळ्या पाषाणात मॅग्नेटाइट नावाचं लोहाचं खनिज असतंच. खोटं वाटत असेल तर आपल्या नाल्याच्या रेतीत चुंबक फिरवून पाहा, काळी भुकटी चिकटून येईल. ही निसर्गाची करणी आहे, नवलाची आहे. पण तिच्यानं सोनं होत नाही.

2020 च्या जूनमध्ये लोणारचं पाणी गुलाबी झालं. कोणी चमत्कार म्हणालं, कोणी कोप म्हणालं. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेनं पाणी तपासलं, तर खाऱ्या पाण्यात वाढणाऱ्या सूक्ष्मजीवांचा तो रंग निघाला. विचारलं म्हणून कळलं.

न विचारल्यानं काय होतं, तेही सांगतो. आपल्या भागातला एक वारकरी. नाव सांगत नाही. सोयाबीन विकून पैसा हाती आला आणि दोन माणसं त्याच्या वावरात आली. "भाऊ, हा लोणारचा दगड हाय, आकाशातून पडलेला परीस." दगडाला सुई चिकटली. मग एका निळसर 'तीर्था'त खिळा बुडवला, तर तो तांबूस चकचकीत निघाला. "आता एवढंच झालं. पूजा घातली की पुरं सोनं होते." पूजेसाठी बैलजोडी विकली गेली. ती माणसं पुन्हा दिसली नाहीत. पैसा गेला तो गेलाच, पण गावानं त्याची इतकी टिंगल केली की त्यानं तोंड लपवलं आणि वारी सोडली. वीस वर्षांचा वारकरी होता तो.

त्यातलं 'तीर्थ' काय होतं? मोरचूद! आपण बोर्डो मिश्रणात चुन्याबरोबर कालवतो तेच. मोरचुदात तांबं असतं. त्या पाण्यात लोखंडी खिळा बुडवला की वर तांब्याचा पातळ थर बसतो. घासला की आत लोखंडच. आणि सुई चिकटणारा दगड म्हणजे चुंबक. तांदूळ ओढणारं भांडं दाखवतात, तिथंही तांदळाला लोखंडाची भुकटी लावलेली असते.

लोखंडाचं सोनं का होत नाही? लोखंडाच्या अणूच्या गाभ्यात 26 प्रोटॉन असतात, सोन्याच्या 79. आग, तेजाब, घासणं यांचा हात त्या गाभ्यापर्यंत पोचतच नाही. युरोपातल्या सर्न संस्थेत 27 किलोमीटर घेराच्या यंत्रात शास्त्रज्ञांनी 2015 ते 2018 या काळात शिशाच्या अणूंचं सोनं झालेलं पाहिलं. किती? सगळं मिळून एका ग्रॅमच्या अब्जाव्या भागाहूनही कमी, आणि तेही क्षणात नाहीसं झालं. मग वावरात पिशवी घेऊन आलेला माणूस काय करणार बाप्पा?

खरा दगड सोनाराच्या पेटीत असतो. त्याचं नाव कसोटी. काळा, गुळगुळीत. तो सोनं करत नाही. सोनं घासलं की रेघ उमटते आणि खरं-खोटं कळतं. परिसाचा दाखला मनात ठेवा, पण हातात कसोटी ठेवा. कोणी परीस, नागमणी, गुप्तधन घेऊन आला तर तीन प्रश्न विचारा: तुझ्यापाशी परीस आहे तर तुला माझा पैसा कशाला? हा दगड सोनाराला दाखवू का? ठाण्यात नेऊ का? तिसऱ्या प्रश्नाला तो उठून जाईल. 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्यात चमत्कार दाखवून फसवणाऱ्याला सहा महिने ते सात वर्षं कैद आहे.

आणि शताब्दीच्या निमित्तानं विणेकरी महाराजांपाशी एक मागणं. जो फसला त्याला हसायचं नाही, असा दिंडीचा नेमच करा. फसलेला माणूस लाजेनं गप्प बसतो, म्हणून तोच ठग पुढच्या गावात जातो. आषाढीला निघण्याआधी अशा प्रत्येकाच्या घरी दोघांनी जावं, तक्रार द्यायला सोबत करावी, आणि त्याची दिंडीतली जागा मोकळी आहे हे त्याच्या दारात उभं राहून सांगावं.

रामकृष्ण हरी!