नागपूरची दिव्या

बुद्धिबळात ग्रँडमास्टर व्हायचं तर सहसा तीन नॉर्म, म्हणजे स्पर्धांमधली ठरावीक दर्जाची कामगिरी, आणि 2500 रेटिंग लागतं. नागपूरची दिव्या देशमुख 2025च्या जुलैत जॉर्जियातल्या बातुमीला महिला विश्वचषकासाठी गेली, तेव्हा तिच्याकडे एकही नॉर्म नव्हता! मानांकन पंधरावं. तिनं चीनची माजी जगज्जेती तान झोंगयी हिला हरवलं. अंतिम फेरीत समोर कोनेरू हम्पी. दिव्याच्या जन्माआधीच ग्रँडमास्टर झालेली. दोन्ही डाव बरोबरीत सुटले, टायब्रेकमध्ये दिव्या जिंकली. या विजेतेपदानंच तिला ग्रँडमास्टर किताब थेट मिळाला. वय अवघं एकोणीस. डॉक्टर आईवडिलांच्या या लेकीआधी रौनक साधवानी आणि संकल्प गुप्ता हे नागपूरकरही ग्रँडमास्टर झाले होते. रौनक तर तेराव्या वर्षीच.