सरांच्या चपला



सकाळपासून तिघांनी विचारलं, "अजून भुतांचेच पिक्चर करतोस का रे?" हो, करतो. भुतं दुसरेच कोणी करतात, मी आवाज लावतो.

१९४२ सालचा 'कॅट पीपल' नावाचा एक अमेरिकी चित्रपट आहे. दिग्दर्शक जाक तुर्नर, निर्माता व्हॅल ल्यूटन, पैसे बेताचेच. त्यात एक बाई रात्री न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कच्या भिंतीकडेने चाललीय. मागून दुसरी येतेय, जी म्हणे चवताळली की काळा बिबट्या होते. पार्श्वसंगीत नाही. नुसत्या टाचांचा टक् टक् आवाज, दोघींचा. मग एकीचाच. मागची पावलं थांबली! पुढची वळून बघते, तर कोणी नाही. ती पळत सुटते आणि एकदम गुरगुरल्यासारखा फिस्सकन् आवाज येतो. बसचा ब्रेक! संकलक मार्क रॉबसनची ही करामत. असल्या दचक्याला आमच्या धंद्यात 'ल्यूटन बस' म्हणतात. पण आपण बसला फक्त दचकतो. घाबरलेले असतो आधीच, पावलं थांबली तेव्हा.

मला हे उशिरा कळलं. माझ्या पहिल्या भयपटात मी रिकामी जागा म्हणून ठेवली नव्हती. दार करकरतंय, कुत्री रडताहेत, वर व्हायोलिनं. प्रदर्शनाआधी काही जणांना दाखवला, तर लोक हसले. मी मागच्या रांगेत होतो. हे काम सोडावं असं वाटलं त्या रात्री. झोप येईना, आणि आठवी 'ब' आठवली.

सर, माफ करा, पण तुमच्या चपला व्हरांड्यात वाजत असायच्या तोवर आम्ही निर्धास्त खडू फेकायचो. सर कुठवर आले ते कळायचं ना! नववी 'अ' गेली, पाण्याची टाकी गेली. पण आमच्या दाराशी आवाज बंद झाला आणि सर आत आलेच नाहीत, की अख्ख्या वर्गाचा श्वास अडकायचा.

दुसऱ्या दिवशी जिन्याच्या प्रसंगातून मी सगळं काढून टाकलं. फक्त पावलं ठेवली, आणि सातव्या पायरीवर तीही थांबवली. अगदीच काही नसलं तर लोकांना स्पीकर बिघडला असं वाटतं, म्हणून पंख्याची बारीक घरघर तेवढी ठेवली. पुढच्या वेळी त्या जागी कोणी हसलं नाही.

सर, दाराबाहेर थांबून तुम्ही नेमकं काय करायचात, ते आज जेवताना विचारणार आहे.