नाद केवळ कानांचा नाही



कव्वालीच्या बैठकीत आपण ढोलकाजवळ बसला असाल, तर त्याची थाप कानांबरोबर छातीतही जाणवली असेल. नाद म्हणजे कंपन. कान ते टिपतो, तशी त्वचा आणि हाडेही टिपतात. खर्जातले सूर अंगाला चांगले जाणवतात, फार उंच सूर मात्र फारसे जाणवत नाहीत.

स्कॉटलंडमध्ये १९६५ साली जन्मलेल्या एव्हलिन ग्लेनी यांची श्रवणशक्ती आठव्या वर्षापासून कमी होऊ लागली. बाराव्या वर्षापर्यंत ती जवळजवळ संपली. त्यांचे शिक्षक रॉन फोर्ब्स यांनी त्यांना भिंतीला हात लावून उभे केले आणि नगाऱ्यासारखे टिंपनी हे वाद्य वाजविले. कोणता सूर शरीरात कोठे जाणवतो, हे त्या सरावाने शिकल्या. खालचे सूर पायांत, वरचे चेहऱ्यावर आणि मानेवर! म्हणून त्या अनवाणी वाजवितात. लंडनच्या रॉयल अ‍ॅकॅडमी ऑफ म्युझिकने प्रथम त्यांना नाकारले. त्या हटल्या नाहीत, आणि प्रवेश मिळवलाच. २०१२ च्या लंडन ऑलिंपिकच्या उद्घाटनात एक हजार वादकांचे नेतृत्व त्यांनीच केले.

पालकहो, हे सांगण्याचे कारण एकच. कर्णबधिर मूल, विशेषतः मुलगी, नशिबाचा भोग समजून घरात बसवू नका. ती बोलत नाही, कारण तिला ऐकू येत नाही. बुद्धी शाबूत असते. तान्हे बाळ मोठ्या आवाजाने दचकत नसेल, तर "पुढे बोलेल" म्हणून थांबू नका. सेवाग्रामच्या कस्तुरबा रुग्णालयात कान-नाक-घसा विभाग आहे. तेथे तपासून घ्या. मुंबईत १९८३ साली स्थापन झालेली, आपल्या राज्याचे माजी राज्यपाल नवाब अली यावर जंग यांच्या नावाची राष्ट्रीय संस्था याच कामासाठी आहे. २०१६ च्या कायद्याने चाळीस टक्के किंवा अधिक अपंगत्व असलेल्या मुलाला सहा ते अठरा वर्षांपर्यंत मोफत शिक्षणाचा हक्क दिला आहे.

विद्यार्थी मित्रांनो, अशा सोबत्याला हसू नका. त्याच्यासमोर तोंड करून बोला, त्याच्या खुणांची भाषा शिका आणि त्याचा हात ढोलकावर ठेवून पाहा.