खेळणाऱ्या लेकींच्या हाती पगार

कामं आवरली असतील तर निवांत बसा. आवरली नसतील तर हात चालू ठेवा आणि कान तेवढे इकडं द्या.

आपल्या घराघरात एक प्रश्न कधी ना कधी निघतोच. पोरगी सातवी-आठवीत असते, शाळेच्या संघात तिची निवड होते, सामन्याला बाहेरगावी जायचं असतं. मग कुणीतरी म्हणतं, "खेळून काय पोट भरतंय व्हय?" पोराला हा प्रश्न उशिरा विचारतात, पोरीला पहिल्याच दिवशी. आणि खरं सांगायचं तर पन्नास वर्षं त्याचं उत्तर "नाही" असंच होतं. ते कसं बदललं, आज त्याची गोष्ट सांगते.

गोष्ट क्रिकेटची आहे आणि तिचं एक टोक आपल्या महाराष्ट्रातच आहे. मुंबईत १९६९ साली आलू बामजी या बाईंनी मुलींसाठी 'आल्बीज' नावाचा क्रिकेट क्लब काढला. १९७३ मध्ये लखनौत महेंद्रकुमार शर्मा यांनी महिला क्रिकेटची संघटना नोंदवली. हे शर्मा रिक्षात भोंगा घेऊन गावभर फिरायचे आणि मुलींचं क्रिकेट होणार आहे, बघायला या, अशी हाळी द्यायचे. त्याच वर्षी एप्रिलमध्ये पुण्यात मुलींची पहिली आंतरराज्य स्पर्धा झाली. संघ किती? तीन. मुंबई, महाराष्ट्र आणि उत्तर प्रदेश. एवढ्याशा रोपाचं झाड झालं.

पुढं १९७६ साली शांता रंगास्वामी यांच्या नेतृत्वाखाली भारताच्या बायका वेस्ट इंडीजविरुद्ध पहिली कसोटी खेळल्या आणि त्याच दौऱ्यात पाटण्याला जिंकल्याही. पण त्यांचे हाल ऐका. आरक्षण नसलेल्या डब्यातून प्रवास, मोठ्या हॉलमध्ये जमिनीवर झोपणं, आणि मोजक्या बॅटी सगळ्यांनी मिळून वापरायच्या. एक बाद होऊन आली की तिचं साहित्य दुसरी घेऊन जायची. पगार तर सोडाच, खेळायला जायचा खर्चही पुष्कळदा घरातूनच. ज्यांना नोकरी मिळाली त्यांना मुख्यतः रेल्वेनं तारलं. मुंबईच्या डायना एडल्जी पश्चिम रेल्वेत नोकरी करत खेळल्या आणि पुढं रेल्वेत इतर मुलींसाठीही झटल्या.

आता २००५ सालाकडं या. भारताचा महिला संघ विश्वचषकाच्या अंतिम सामन्यापर्यंत गेला. कर्णधार मिताली राज यांनी नंतर एका मुलाखतीत सांगितलं, की त्या वेळी एका सामन्याचे हजार रुपये मिळाले. आठ सामने, आठ हजार. जगात दुसरा नंबर आणि हातात आठ हजार!

२००६ मध्ये महिला क्रिकेट भारतीय क्रिकेट नियामक मंडळाकडं आलं. पुरुषांची आयपीएल २००८ ला सुरू झाली, पण बायकांना आणखी पंधरा वर्षं थांबावं लागलं. मधे २०१७ ला लॉर्ड्सच्या मैदानावर आपल्या मुली विश्वचषकाचा अंतिम सामना फक्त ९ धावांनी हरल्या. तो सामना देशानं टीव्हीला चिकटून बघितला. हरल्या, पण बघणारे मिळाले. २०२२ मध्ये मंडळानं जाहीर केलं, की भारताकडून खेळणाऱ्या स्त्री-पुरुषांना सामन्याचं मानधन सारखंच : कसोटीला १५ लाख, एकदिवसीय सामन्याला ६ लाख, वीस षटकांच्या सामन्याला ३ लाख.

आणि २०२३ मध्ये महिला प्रीमियर लीग आली. पाच संघ. त्यातला मुंबईचा संघ सुमारे ९१३ कोटी रुपयांना विकत घेतला गेला. १३ फेब्रुवारीला मुंबईत खेळाडूंचा लिलाव झाला. लिलाव म्हटलं की आपल्याला जनावरांचा बाजार आठवतो आणि मन जरा कचरतं. पण इथं बोली लागते ती खेळाडूच्या एका हंगामाच्या कराराची, आणि ते पैसे जातात तिच्या स्वतःच्या खात्यावर. त्या दिवशी सगळ्यात मोठी बोली लागली आपल्या शेजारच्या सांगलीच्या स्मृती मानधनावर. ३ कोटी ४० लाख, बेंगळुरूच्या संघाकडून. हरमनप्रीत कौर १ कोटी ८० लाखांना मुंबईकडं गेली.

पहिल्या हंगामात बायका-मुलींना मैदानात फुकट प्रवेश होता. २६ मार्चला ब्रेबॉर्न स्टेडियमवर मुंबईनं दिल्लीला ७ गडी राखून हरवलं आणि पहिला चषक नेला. २०२५ मध्ये पुन्हा नेला. आणि त्याच २०२५ च्या २ नोव्हेंबरला, नवी मुंबईत, भारताच्या मुलींनी विश्वचषक जिंकला. १९७३ मध्ये तीन संघ घेऊन सुरू झालेला प्रवास इथवर आला.

मला सगळ्यात जवळची वाटते ती किरण नवगिरे. सोलापूर जिल्ह्यातली, शेतकऱ्याची लेक. आधी भालाफेक, गोळाफेक करायची. लीगमध्ये उत्तर प्रदेशच्या संघाकडून पहिला सामना खेळायला उतरली तेव्हा तिच्या बॅटवर कुठल्या कंपनीचं नाव नव्हतं. तिनं स्वतःच पेनानं धोनीची आद्याक्षरं आणि ७ आकडा लिहिला, आणि अर्धशतक ठोकलं. २०२५ मध्ये महाराष्ट्राकडून खेळताना तिनं ३४ चेंडूंत शतक काढलं.

पण मैत्रिणींनो, नाण्याची दुसरी बाजूही सांगायला हवी. त्या पहिल्या लिलावात सगळ्या मिळून ८७ जणींना जागा मिळाली, त्यात परदेशी मुलीही होत्या. म्हणजे लाखांतल्या मूठभर. म्हणून शाळा सोडून बॅट धरा, असं मी म्हणणार नाही. पुस्तक एका हातात हवंच.

दुसरं, आपल्या पोरी शाळेत जास्त खेळतात ते कबड्डी, खो-खो, व्हॉलीबॉल. कबड्डीत आपल्या मुलींनी २०१२ ला विश्वचषक आणला. अभिलाषा म्हात्रे, दीपिका जोसेफ, सुवर्णा बारटक्के या तिघी महाराष्ट्राच्या. पण २०१६ ला बायकांची तीन संघांची कबड्डी लीग झाली ती एकच हंगाम चालली. व्हॉलीबॉलच्या लीगा २०१९ ला आणि २०२२ ला निघाल्या, त्या पुरुषांच्या.

हे फक्त मोठ्या शहरातच जमतं का? इटलीत कोनेल्यानो नावाचं एक गाव आहे. डोंगरउतारावर द्राक्षमळे, वस्ती पस्तीस-एक हजारांची. तिथला मुलींचा व्हॉलीबॉल क्लब बंद पडला, तेव्हा २०१२ मध्ये तिथल्याच उद्योजकांनी नवा उभा केला. खेळाडूंना पगार, वर्षभर सराव, आणि सामन्याला आसपासच्या गावांतली माणसं तिकीट काढून येतात. तो क्लब एका ओळीत ७६ सामने जिंकला आणि पुढं क्लबांचा जगज्जेताही झाला. गाव लहान असून भागलं, कारण बघणारं कुणीतरी होतं.

तेच आपल्या हातात आहे. आपल्या गगनबावड्यात जून ते सप्टेंबर मैदान म्हणजे भाताचं खाचरच. तेवढे महिने समाजमंदिर किंवा शाळेचा हॉल दुपारी तासभर मुलींना मिळावा, म्हणून गटानं ग्रामसभेत विषय मांडता येतो. सराव संपल्यावर पोरगी घरी कशी पोचणार, शेवटची एसटी किती वाजता, हे दोन-तीन आयांनी मिळून ठरवता येतं. पाळी आली म्हणून खेळ बंद, ही समजूत घरातच मोडता येते. आणि गावात पोरींचा सामना असला की दहा-वीस जणींनी जाऊन बसता येतं. पोरांच्या कुस्तीला, फुटबॉलला अख्खं कोल्हापूर लोटतं. पोरींच्या सामन्याला निदान त्यांच्या आया तरी दिसू देत.

शर्मांना भोंगा घेऊन हाक मारावी लागली होती. आज ती हाक मी रेडिओवरून मारते आहे. पोरीचा सामना आहे, बघायला या.