एकरी किती, हे ठरतं कशावरून?



धरण, कालवा, रस्ता, कशासाठी का असेना, जमीन जाणार अशी नोटीस गावात आली की पहिला प्रश्न एकच. एकरी किती? आज आपण त्याच्या आधीचा प्रश्न बघू. तो आकडा निघतो कुठून?

आपल्या जिल्ह्याला हे नवं नाही. सरदार सरोवरात महाराष्ट्राची 33 गावं गेली, ती सगळी धडगाव आणि अक्कलकुवा तालुक्यातली. नर्मदा पाणी तंटा लवादाने 1979 मध्ये ठरवून दिलं होतं की चौथ्या हिश्श्यापेक्षा जास्त जमीन गमावणाऱ्या खातेदार कुटुंबाला जमिनीच्या बदल्यात जमीनच द्यायची, निदान 2 हेक्टर, तीही ओलिताची. ठरलं ते चांगलंच. पण त्यात सज्ञान मुलगा वेगळं कुटुंब म्हणून धरला आणि सज्ञान मुलगी धरलीच नाही. भाऊ मोजला, बहीण राहिली. आणि त्या 2 हेक्टरांची किंमत किती? 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मध्य प्रदेशातल्या, जमीन न मिळालेल्या 681 कुटुंबांना प्रत्येकी 60 लाख रुपये द्यायला सांगितलं. सरकारी दराने हा आकडा कधी निघाला असता का, तुम्हीच सांगा.

आता कायदा 2013 चा आहे, 1 जानेवारी 2014 पासून लागू. त्यात हिशेब असा. आधी बाजारभाव काढायचा. एक आकडा सरकारी रेडीरेकनरचा. दुसरा, जवळपासच्या तशाच जमिनीच्या मागच्या 3 वर्षांच्या खरेदीखतांचा. त्यातही सगळी खरेदीखतं नाहीत, जास्त भावाची निम्मी घेऊन सरासरी. दोन्हींतला जो मोठा, तो धरायचा. खेड्यातल्या जमिनीला मग गुणांक लावतात, 1 ते 2 च्या दरम्यान. तो राज्य सरकार ठरवतं आणि बदलतंही, म्हणून आपल्या प्रकल्पाला किती लावला हे विचारून घ्यायचं. त्यात विहीर, झाडं, घर यांची किंमत मिळवायची. जी बेरीज होईल तेवढीच आणखी दिलासा रक्कम.

समजा बाजारभाव एकरी 5 लाख निघाला आणि गुणांक 2 आहे. झाले 10. विहीर आणि झाडं 1 लाखाची. 11. दिलासा 11. एकूण 22 लाख. शिवाय बाजारभावावर वर्षाला 12 टक्के, तो वेगळा. आता सुरुवातीचा भाव 5 ऐवजी 3 लाखच धरला तर? 6 आणि 1, सात, दुप्पट 14. सुरुवातीला 2 लाख कमी धरले, शेवटी 8 लाख गेले. म्हणून भांडायचं ते पहिल्या आकड्यावर.

आणि नेमका तिथेच आपल्याकडे घोळ आहे. आदिवासीची जमीन जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय बिगर-आदिवासीला विकता येत नाही. हा कायदा आपल्या जमिनी वाचवायला झाला आणि तो हवाच. पण मग डोंगरातल्या गावात खरेदीखतं होतात किती? हाताच्या बोटांवर. झाली तरी नात्यातली, अडीनडीची, कमी भावाची. तीच समोर ठेवून भाव काढला तर कमीच निघणार. 2013 च्या कायद्याने हे ओळखलं आहे. कलम 26 मध्ये लिहिलंय की जिथे विक्रीवर कायद्याने बंधन आहे आणि म्हणून भाव निघत नाही, तिथे राज्य सरकारने लगतच्या भागातल्या तशाच जमिनीच्या भावावरून किमान दर ठरवून द्यायचा. हे कलम क्रमांकासकट हरकतीच्या अर्जात लिहा. आणखी एक. धडगाव, अक्कलकुवा, तळोदा, नवापूर हे तालुके अनुसूचित क्षेत्रात आहेत, शहादा आणि नंदुरबारमधली काही गावंही. तिथे या कायद्याने जमीन घ्यायची तर ग्रामसभेची आधी संमती लागते. त्या ग्रामसभेत आपण असलंच पाहिजे.

मोजणीच्या दिवशी गडीमाणसं हद्द दाखवायला जातात. बाईनेही जावं. बांधावरच्या मोहाखाली फुलं वेचायला पहाटे कोण जातं? आमचूर वाळवायला आंबा कोणत्या झाडाचा चांगला, हे कुणाला ठाऊक? पंचनाम्यात नुसतं ‘आंबा, 1’ असं लिहिलं तर ते एक झाड. वय किती, दर साल माल किती निघतो, हे लिहिलं तर ती दर सालाची कमाई. झाडांच्या किमतीसाठी जाणकार माणसाची मदत घ्यायची तरतूद कायद्यात आहे, ती मागा. लिहिलेलं वाचून घेतल्याशिवाय अंगठा देऊ नका.

आता नावाचं. पैसा कागदावरच्या नावाने येतो. नवरा वारला असेल आणि सातबाऱ्यावर वारस नोंद झाली नसेल, तर नोटीस यायच्या आधीच तलाठ्याकडे अर्ज करा. वनपट्टा असेल तर तो नवरा-बायको दोघांच्या नावे असतो, आणि वनहक्क मिळालेल्यालाही हा कायदा जमीनमालकच मानतो. 1979 मध्ये जे राहिलं ते इथे भरून काढलंय. विधवा, घटस्फोटित, टाकलेली बाई हे वेगळं कुटुंब, आणि सज्ञान मुलगीसुद्धा मुलाइतकीच वेगळी. पुनर्वसनाच्या यादीत ही नावं आहेत का, हे आपल्या गटाने बसून तपासावं.

शेवटी निवाडा येतो, म्हणजे रक्कम जाहीर होते. ती पटली नाही तर जिल्हाधिकाऱ्यांकडे लेखी अर्ज करून प्रकरण प्राधिकरणाकडे पाठवायला सांगता येतं. निवाड्याच्या वेळी हजर असाल तर मुदत 6 आठवडे. हजर नसाल तर नोटीस मिळाल्यापासून 6 आठवडे किंवा निवाड्यापासून 6 महिने, यांतलं जे आधी संपेल ते. राष्ट्रीय महामार्गाचं मात्र वेगळं, तिथे दाद लवादाकडे मागायची.

पैसे घ्यायचे की नाही, असं आम्हाला पुष्कळदा विचारतात. घ्या, पण पावतीवर सही करण्याआधी लिहा, ‘ही रक्कम हरकत राखून स्वीकारत आहे.’ हे न लिहिता पैसे घेतले तर वाढीव मोबदल्याचा अर्ज करता येत नाही. लिहिलेल्या कागदाची एक प्रत कार्यालयाचा शिक्का मारून आपल्याकडे ठेवा, सातबाऱ्याच्या जोडीला.